ड्रमकोराची मोजणी

जपानमधल्या त्या स्टेशनची गोष्ट तुम्हालाही कुणी ना कुणी पाठवली असेलच. बर्फ, डोंगर, ओस पडलेला फलाट, आणि शाळेत जाणारी एकच मुलगी. तिच्या एकटीसाठी म्हणे रेल्वेने स्टेशन चालू ठेवलं. गोष्टीखाली जोडलेले हात आणि डोळे पुसणारे चेहरे. आमच्या इथे आयर्लंडमधल्या क्लेअर काउंटीतल्या मराठी ग्रुपवर ती एका ऑक्टोबरात चार वेळा आली, आणि चारही वेळा तीच माणसं तितकीच हळवी झाली. मीही झालो. झालो एवढंच नाही, आणखी दोन ग्रुपवर ढकलली.

आता ती गोष्ट दिसली की फोन भिंतीवर फेकावासा वाटतो. का ते सांगतो.

आमचं स्टेशन ड्रमकोरा, एनिस शहराच्या उत्तरेला. एक फलाट, एक काचेचा आडोसा, तिकिटाचं यंत्र आणि सायकली अडकवायच्या लोखंडी कमानी. रेल्वेचा माणूस एकही नाही. शेजारी जुन्या स्टेशनची दगडी इमारत आहे, तिच्यात मॅटी हेहिर राहतो. वय एक्याऐंशी. त्याचे आजोबा इथले स्टेशनमास्तर. त्यांच्या काळी बाजाराच्या दिवशी इथून गुरं जायची आणि बाकीच्या दिवशी माणसं, एकेका घरातली चार-चार, अमेरिकेला, परत न येण्यासाठी. त्रेसष्ट साली स्टेशन बंद झालं. सत्तेचाळीस वर्षं रुळांवर गवत वाढलं आणि दोन हजार दहामध्ये गाडी पुन्हा थांबायला लागली.

मॅटीच्या दारातून आत गेलं की पहिल्याच भिंतीवर त्रेसष्टच्या शेवटच्या गाडीचा फोटो आहे. दोनशे माणसं, पितळी बँड, टोप्या हवेत. मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा म्हणालो, काय गर्दी होती. मॅटीने चहाचं पाणी ठेवता ठेवता सांगितलं, की त्यातल्या निम्म्यांना तिकिटाची खिडकी कुठल्या बाजूला आहे हे विचारायला लागलं होतं. मी हसलो. विनोद वाटला मला तो.

गाडी परत आली तशी कुणीतरी स्टेशनमागे पस्तीस घरं बांधली आणि त्यांत हळूहळू आम्ही दहा मराठी कुटुंबं भरलो. नागपूर, पुणे, नाशिक. बहुतेकांच्या नोकऱ्या लिमरिकला, गाडीने तासाभरावर. राजधानीच्या उपनगरांतले ल्यूकन आणि सँडीफोर्डवाले आम्हाला खेड्यातले म्हणतात, म्हणोत. पण खरं सांगायचं तर स्टेशन आहे म्हणून घरं घेतली आणि दोन वर्षांत प्रत्येकाच्या दारात दोन-दोन कार उभ्या राहिल्या. पाऊस आहे, उशीर झाला, येताना सामान आणायचंय. कारणांना काय तोटा. मीसुद्धा आठवड्यातून एकदा गाडीने जायचो आणि त्या दिवशी पर्यावरणावर दोन शब्द बोलायचो.

रोज जाणारी एकच, वसुधा.

वसुधा अमरावतीची. एनिसच्या हॉस्पिटलात लॅबमध्ये रक्ताचे नमुने तपासते. नवरा पुण्यात आहे आणि तिच्या आयुष्यात नाही. मुलगी तन्वी अकरा वर्षांची. तिला मराठी सगळं समजतं, उत्तर क्लेअरच्या इंग्रजीत येतं. वसुधाला फिट येतात. वर्षातून एखादीच, पण येते. आणि इथला नियम असा, की शेवटच्या फिटला पुरं वर्ष झाल्याशिवाय स्टिअरिंगला हात लावायचा नाही. तिचे दहा-अकरा महिने नीट जायचे आणि मग एक यायची. दोनदा असं झाल्यावर तिने लायसन्सचा नाद सोडला आणि ड्रमकोराला घर घेतलं. स्टेशनपासून चालत सहा मिनिटं. इकडे बस येत नाही, टॅक्सी एनिसहून बोलवावी लागते. पण सात बाराची गाडी घेतली की पावणेआठला ती लॅबमध्ये, आणि संध्याकाळी पाच बावन्नला परत.

ती मला एकदा म्हणाली होती, "दादा, चार वर्षांत मी कुणालाच विचारलं नाही, मला सोडता का म्हणून."

लोक घर दाखवताना बाग दाखवतात, किचन दाखवतात. तिने मला हे दाखवलं होतं.

ऑक्टोबरच्या सुरुवातीला फलाटावर नोटीस लागली. नव्या वेळापत्रकात कमी वापराचे थांबे ठेवायचे की काढायचे ते ठरणार होतं. त्यासाठी नोव्हेंबरातल्या कुठल्यातरी एका कामाच्या दिवशी माणसं मोजणार. दिवस आधी सांगणार नाहीत. किती चढले, किती उतरले, संपलं.

त्याच आठवड्यात ती जपानची गोष्ट आली, आणि आम्ही पेटलो. माझ्याच किचनमध्ये बैठक झाली. मी उभा राहून बोललो. जपानात एका मुलीसाठी स्टेशन ठेवतात आणि आपण आपल्या एका बाईसाठी महिनाभर कार दारात ठेवू शकत नाही का, वगैरे. वसुधा तिथेच बसली होती, तिला ते 'आपल्या एका बाईसाठी' आवडलं नाही, मला दिसलं. पण बोलण्याच्या भरात कोण थांबतो. ठरलं असं, की नोव्हेंबरभर प्रत्येकाने रोज गाडीनेच जायचं. शैलेंद्रने तक्ता केला. शैलेंद्र आमच्या मंडळाचा अध्यक्ष, पुण्याचा. त्याला तक्ता केला की काम झाल्यासारखं वाटतं.

आता इथे माझी चूक सांगायला हवी. ती सप्टेंबरातली.

आमच्याकडे सगळे देव शनिवारी येतात. गणपती शनिवारी बसतो, संक्रांत शनिवारी, कोजागिरीचा चंद्रसुद्धा शनिवारीच पूर्ण होतो, कारण हॉल मिळतो आणि दुसऱ्या दिवशी सुट्टी असते. मला याची वर्षानुवर्षं चीड होती. सप्टेंबरच्या मीटिंगमध्ये दिवाळीचा विषय निघाला, शैलेंद्र म्हणाला, पाडवा मंगळवारी दहा तारखेला आहे, आपण चौदाला करू. माझं डोकं फिरलं. मी सगळ्यांसमोर विचारलं, "काय बे शैलेंद्र, तुमच्या पुण्यात पाडवा पण हॉल मिळेल तेव्हाच असतो का?" लोक हसले. मग मी सोडतो का. म्हणालो, पोलिश लोक आपल्या सणाला सुट्टी मागतात, आपल्याला साहेबाला सांगायची लाज वाटते. एक वर्ष, फक्त एक वर्ष, तिथीला सण करून दाखवा. शैलेंद्र लाल झाला, पण टाळ्या पडल्या. ठरलं. मंगळवारी सगळ्यांनी रजा टाकायची, चर्चचा हॉल घ्यायचा, सकाळी अभ्यंगस्नान आणि ओवाळणी आपापल्या घरी, दुपारी पंगत. मी घरी येऊन पद्मजाला, म्हणजे माझ्या बायकोला, तीनदा सांगितलं की मी कसा बोललो.

नोटीस लागली तेव्हा या दोन गोष्टी शेजारी शेजारी ठेवून कुणी पाहिल्या नाहीत. वसुधाने पाहिल्या.

नोव्हेंबरचा पहिला आठवडा. फलाटावर आम्ही सतरा जण, त्यात पाच आयरिश शेजारी, पाडव्याच्या पंगतीसाठी आमच्याबरोबर रजा टाकलेले. डबे, मफलर, थट्टामस्करी, सहल निघाल्यासारखं. मॅटी दारात येऊन बघून गेला. वसुधा माझ्याजवळ येऊन हळू आवाजात म्हणाली, "दहा तारखेला सगळेच सुट्टीवर आहेत, दादा."

"एक दिवस गं. नेमका तोच कशाला येईल?"

"एकवीस दिवसांतला एकच मोजणार आहेत."

मी म्हणालो, तू लॅबवाली, तुला सगळीकडे नमुनेच दिसतात. ती हसली नाही. तुझी रजा नाही का म्हणून विचारलं, तर तिची सगळी रजा आजारपणात गेली होती. मग मी विषय बदलायचा म्हणून जपानची गोष्ट काढली. ती म्हणाली, मी शोधून वाचलं. ते स्टेशन बंद झालं. त्या मुलीची शाळा संपली त्याच महिन्यात. आणि त्या गाडीने जाणारी दुसरी शाळकरी पोरंही होती म्हणे.

"म्हणजे खोटीच गोष्ट," मी म्हणालो.

"खोटी कशाला. ती पोरगी रोज जात होती ना. सगळे रेल्वेचं कौतुक करतात, तिचं रोज उठून जाणं कुणाला दिसत नाही."

गाडी आली. आम्ही चढलो. दहा तारखेबद्दल मी कुणाशीही काही बोललो नाही. बोललो असतो तर पाडवा शनिवारी गेला असता आणि शैलेंद्र जिंकला असता. एवढंच कारण होतं. दुसरं कुठलं शोधू नका.

मंगळवारी पहाटे पद्मजाने उटणं लावलं, न्हाऊन नवा कुर्ता घालून मी पाटावर बसलो. सात वाजून दहा-बारा मिनिटं झाली असतील. बाहेर अंधार, घरात निरांजन. फोन बैठकीत वाजला. वाजू दे म्हणालो, सणाचं ओवाळणं अर्ध्यात सोडून उठतात का. पुन्हा वाजला. तिसऱ्यांदा वाजला तेव्हा पद्मजा माझ्या कपाळाला कुंकू लावत होती, तिनेही मला डोळ्यांनी बस म्हणून सांगितलं. मग फराळ झाला. नागपूरला आईला व्हिडिओ कॉल झाला, तिला मी अभिमानाने सांगितलं, आज तिथीला करतोय. पावणेनऊला फोन हातात घेतला. वसुधाचा मेसेज होता.

मोजणी आज आहे. पिवळ्या जॅकेटमधली मुलगी मोजते आहे. फलाटावर मी एकटी. मॅटी चपला घालून आला आणि माझ्याबरोबर चढला.

मी तिथेच खुर्चीत बसलो. मग ग्रुपवर लिहिलं, मग एकेकाला फोन केले. सकाळची गाडी गेली होती, दुपारच्या गाड्यांना कुणी तयार होईना. पंगत आहे, पुऱ्या तळायच्यात, पोरांचा नाच बसवायचाय. शैलेंद्रने हॉलमध्ये मला बाजूला घेऊन समजावलं, की मुद्दाम जाऊन मोजून घेणं म्हणजे एक प्रकारे फसवणूकच ना रे. मी म्हणालो, आपण महिनाभर तेच करतोय. तो म्हणाला, ते वेगळं. शेवटी ठरलं, संध्याकाळची पाच बावन्नची पकडायची. तिच्यातून वसुधा उतरेल, आपण तिच्यातच चढायचं, वीस मिनिटांनी पुढच्या स्टेशनला, गॉर्टला, उतरायचं आणि तासाभराने परतीच्या गाडीने यायचं. चढताना मोजतील, उतरताना मोजतील. अकरा जण तयार झाले. मला एवढं हलकं वाटलं की मी दोन वाट्या बासुंदी प्यायलो.

पावणेसहाला आम्ही फलाटावर. पैठण्या, नथी, जरीचे कुर्ते, वरून पावसाळी जॅकेटं. पिवळ्या जॅकेटमधली मुलगी दिव्याखाली उभी होती, हातात बोटाने दाबायचं मोजणीयंत्र. पद्मजाने तिला लाडू दिला. तिने थँक्स म्हणून खिशात ठेवला. सहा वाजता आपलं काम संपतं, मोजायची ही शेवटची गाडी, असं ती म्हणाली. मॅटी काचेच्या आडोशात बाकावर बसला होता. दिवसभरात तो चार वेळा एनिसला जाऊन आला होता. म्हणाला, ही पोरगी मला दमाने घ्या म्हणते, पण मी कितीही वेळा मोजला गेलो तरी म्हातारा एकच.

गाडी आली. दारं उघडली. वसुधा उतरली.

तिने आम्हाला पाहिलं आणि तिचा चेहरा असा काही उजळला की बायका पुढे धावल्या. कुणी तिला मिठी मारली, कुणी हातात फराळाचा डबा दिला. पद्मजा म्हणाली, अगं निदान साडी तरी नेसायचीस आज. वसुधा हसत होती. आणि शैलेंद्र माझ्याकडे फोन देत म्हणाला, "गुरुनाथ, एक फोटो काढ रे पटकन. मागे गाडी येऊ दे."

मी चार पावलं मागे सरलो. सगळे मावेनात. आणखी एक पाऊल मागे. म्हणालो, वसुधा, तू मध्ये ये. म्हणालो, डावीकडचे जरा आत. फोनच्या पडद्यावर पैठण्या दिसत होत्या, हिरवी-चंदेरी गाडी दिसत होती, आणि दारावरचा दिवा लुकलुकताना दिसत होता. मला दिसत होता. बीप बीप ऐकू येत होतं. मी बटण दाबलं. फोटो छान आला. दारं बंद झाली.

गाडी हलली तेव्हा कुणीतरी 'अगं बाई' म्हणालं. पिवळ्या जॅकेटमधल्या मुलीने आमच्याकडे पाहिलं, वाट पाहिली बिचारीने, आणि मग कागदावर लिहिलं. उतरले एक. चढले शून्य.

"कुणीच चढलं नाही?" वसुधाने विचारलं. तिला आमचा बेत माहीत नव्हता. मी तिला मेसेजमध्ये फक्त 'संध्याकाळी येतोय सगळे' एवढंच लिहिलं होतं. मी तिला बेत सांगितला. सांगताना माझ्याच कानांना तो मूर्खपणाचा वाटला. तिने ऐकून घेतलं, हातातल्या डब्याचं झाकण नीट बसवलं आणि म्हणाली, तन्वी हॉलमध्ये वाट बघत असेल.

ग्रुपवर रात्री तो फोटो पडला. 'ड्रमकोरा वाचवा', खाली चाळीस अंगठे.

फेब्रुवारीत दोन गोष्टी झाल्या. पत्र आलं, की मार्चअखेरपासून ड्रमकोराला गाडी थांबणार नाही. आणि वादळ आलं, रुळांवर झाडं पडली, आठ दिवस गाड्या बंद. शैलेंद्रने लगेच तक्ता केला, वसुधाला कुणी कधी एनिसला सोडायचं याचा. पुढेही हाच चालवू म्हणाला, त्यात काय एवढं. सोमवारी तो स्वतः गेला. मंगळवारी आमच्यातला राजीव वीस मिनिटं उशिरा आला, कारच्या काचेवरचा बर्फ खरवडत बसला होता. बुधवारी कुणाची पाळी यावर दोघांचा गैरसमज झाला आणि कुणीच गेलं नाही. ती पाऊण तास वसाहतीच्या फाटकाशी उभी होती, भिजत. मला सव्वाआठला तन्वीचा फोन आला. मी पोचलो तेव्हा वसुधा कारमध्ये बसली. वाटेत मी सॉरी म्हणायला तोंड उघडलं.

"सॉरी नका म्हणू, दादा," ती म्हणाली. "तुम्ही सगळे चांगले आहात. मी चार वर्षं हेच टाळत होते."

हॉस्पिटलच्या दारात उतरताना तिने मला थँक्स म्हटलं. चार वर्षांत पहिल्यांदा. महिनाभरात तिने एनिसला दोन खोल्या भाड्याने घेतल्या आणि इथलं घर विकायला काढलं. तन्वीला शाळा बदलायला लागली. तिच्या मैत्रिणी इथल्या. ती चार दिवस आईशी बोलली नाही, असं पद्मजाकडून कळलं.

शेवटची गाडी शनिवारी होती. म्हणून सगळे आले.

आमची दहाही कुटुंबं आली, लिमरिकहून ओळखीचे आले, आजूबाजूच्या वाड्यांवरचे आयरिश आले, कुणी फुगे आणले. शैलेंद्रने ढोल आणला. मला एका माणसाने विचारलं, तिकीट कुठून काढायचं. मी आडोशाकडे बोट दाखवलं आणि नकळत मॅटीच्या दाराकडे पाहिलं. तो उंबऱ्यात उभा होता. बोलायचं ते त्याचं चहा ठेवताना एकदा बोलून झालं होतं.

साठ-एक माणसं चढली असतील. एनिसपर्यंत जायचं आणि तिकडून येणाऱ्या शेवटच्या गाडीने परत यायचं, असा बेत. वसुधा आणि तन्वी दोन बॅगा घेऊन दाराशीच उभ्या राहिल्या. बाकी सामान आधीच गेलं होतं. ढोल डब्यात घुमत होता, लोक खिडकीतून शूटिंग करत होते, आणि वसुधा रोजच्यासारखी बाहेर बघत होती. कुठल्या वळणावर नदी दिसते ते तिला पाठ असणार.

एनिसला ती उतरली. मी मागून उतरलो, मोठ्या बॅगेला हात घातला. म्हणालो, थांब, टॅक्सी बघतो, नाहीतर मी पोचवतो.

"नको, दादा. दहा मिनिटांवर आहे. हॉस्पिटलही तेवढंच." तिने बॅग माझ्या हातातून काढून घेतली. "चालत जाते."

"वी आर ग्रँड," तन्वी म्हणाली, म्हणजे इथल्या बोलीत 'आमचं ठीक आहे', माझ्याकडे न बघता.

दोघी फलाटाच्या टोकापर्यंत गेल्या. बॅगेचं एक चाक कुरकुरत होतं. मागे वळून त्यांनी पाहिलं नाही, पाहावं असं तरी काय होतं मागे.

रात्री ग्रुपवर फोटोंचा ढीग पडला. ढोल, फुगे, गर्दी. सँडीफोर्डच्या कुणीतरी खाली लिहिलं, जपानमध्ये असं झालं नसतं. त्याखाली जोडलेले हात. मी लिहायला घेतलं, पुसलं.

सोमवारी सात वाजता मी मुद्दाम फलाटावर गेलो. मॅटी कोट घालून आडोशात उभा होता. सात बाराला गाडी आली, दिवे लावलेली, आणि थांबली नाही. वाऱ्याने आडोशाची काच थरथरली. मॅटीने घड्याळ पाहिलं.

"अगदी वेळेवर," तो म्हणाला.

मी कार काढली आणि कामावर गेलो.